अनुबोधपटातील ‘स्वतः’ आणि प्रथमपुरुष

कथापटाच्या श्रेयनामावलीत पात्र आणि नट यांची नावे निरनिराळी असतात. सामाजिक प्रश्नांवरील अनुबोधपटात मात्र ती एकच होतात आणि व्यक्तीच्या नावापुढे कित्येकदा ‘स्वतः’ एवढाच शब्द येतो. परंतु ‘स्वतः’ या शब्दास पुरुष नाही व वचनही नाही. ‘मी स्वतः’, ‘ते स्वतः’ हे दोन्ही प्रयोग शुद्धच. म्हणून ती व्यक्ती कोणाच्या वतीने बोलते, हे तिने योजलेल्या सर्वनामावरूनच पाहावे लागते.

मराठीत प्रथमपुरुषी अनेकवचनाची दोन रूपे आहेत : ‘आम्ही’ श्रोत्यास वगळते, तर ‘आपण’ त्यास सामावून घेते. समजा, आंबेगाव तालुक्यातील अवसरी खुर्द येथे बिबट्याच्या प्रश्नावर अनुबोधपट होत आहे. रात्री उसात दारे धरणारा शेतकरी म्हणतो, ‘बिबट्याबरोबर राहायला आम्हीच शिकायचं का?’ येथे प्रश्न विचारणारा शहरवासी सुरक्षित असून वर्तुळाबाहेर आहे. तोच शेतकरी ‘आपण शिकलं पाहिजे’ म्हणाला, तर प्रेक्षकही त्या कर्तव्यात भागीदार होतो. इंग्रजी उपशीर्षकात, किंबहुना हिंदीतही, या दोहोंस एकच सर्वनाम असल्याने हा भेद सहज पुसला जातो.

वगळण्याची ही क्रिया व्याकरणापुरती नसते. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) या मुंबईतील झोपडपट्ट्यांच्या पाडापाडीवरील अनुबोधपटात एक स्त्री चित्रण करणाऱ्यांनाच जाब विचारते : गरिबांची चित्रे घेऊन नाव तुमचे होणार, आमचे काय? दिग्दर्शकाने हा आक्षेप कापला नाही. त्यामुळे ‘स्वतः’ असलेल्या व्यक्तीबरोबर ‘तुम्ही’ कोण, हेही पडद्यावर आले.

याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण ठार झाले. त्यानंतर काही दिवसांतच घोगरे यांनी आत्महत्या केली. पुढे पटवर्धनांनी चौदा वर्षे चित्रण करून ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) पूर्ण केला. त्यात घोगरे यांचे जुने गायन पुन्हा येते. स्वर तोच, मुद्रा तीच. पण आता ती साक्ष ठरते, आणि तिच्यात दुरुस्ती करण्यास ‘स्वतः’ उरलेला नाही.

अनुबोधपटातील भाषेच्या अभ्यासकाने म्हणूनच उत्तरासोबत प्रश्नही टिपावा, सर्वनाम मूळ भाषेतच नोंदवावे व चित्रणाचे वर्ष द्यावे. बोलणाऱ्याने कोणास आपल्यात घेतले आणि कोणास वगळले, हे ठरविण्याचा अधिकार त्याचाच आहे. भाषांतराने तो हिरावून घेऊ नये.