आकाशवाणीची ट्यून आणि मुंबईला उतरलेले ज्यू

धारणीला आमच्या घरी अजून रेडिओ आहे. मोबाइलची रेंज येते-जाते, पण आबांचा रेडिओ कपाटावरच्या त्याच जागेवर आहे. लहानपणी पहाटे स्टेशन सुरू व्हायच्या आधी एक ट्यून वाजायची, मागे तंबोरा आणि वर एकटं व्हायोलिन. ती ऐकली की उठायची वेळ झाली असं समजायचं, आणि मी कूस बदलून पुन्हा झोपायचे.

ही ट्यून कोणी केली असेल असा प्रश्न कधी पडलाच नव्हता. सेकंड इयरला कॉलेजच्या क्विझमध्ये तो आला. आमच्या टीमने एका मोठ्या शास्त्रीय गायकाचं नाव ठोकून दिलं आणि मार्क घालवले. बरोबर उत्तर होतं वॉल्टर कॉफमन. हा कोण बुवा, म्हणून शोधायला लागले, आणि ज्यू निर्वासितांच्या आठवणी, आत्मचरित्रं, पत्रं यांत सबमिशन सोडून दोन महिने अडकले. माझं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये झालं. 'अ‍ॅन फ्रँकची डायरी' आम्हाला शाळेत होती. पण त्याच हिटलरपासून पळालेली माणसं मुंबईच्या बॅलार्ड पिअरवर उतरली होती, हे शाळेत कोणी सांगितलं नाही. म्हणून हा लेख. (मराठीच्या चुका पोटात घाला.)

आधी एक घोळ निस्तरायला हवा, कारण हा विषय काढला की होस्टेलमध्ये तीन वेगवेगळ्या गोष्टींची मिसळ होते. पहिली गोष्ट कोकणातल्या बेने इस्राएलांची. रायगडकडे त्यांना 'शनिवार तेली' म्हणत, कारण ते तेल गाळायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे. ते कित्येक शतकांपासून इथलेच, घरात मराठी बोलणारे. त्यांना निर्वासित म्हणणं चूकच. दुसरी गोष्ट कोल्हापूरजवळच्या वळिवड्याची. तिथे १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश लोक छावणीत राहिले. त्यांच्यावर बऱ्याच फॉरवर्डमध्ये 'हिटलरपासून वाचवलेले ज्यू' असा शिक्का असतो. ते बहुतेक कॅथलिक होते, बायका आणि मुलं जास्त, आणि त्यांना घरातून उचलून सैबेरियाकडे पाठवलं होतं ते सोव्हिएत रशियाने. त्यांची कहाणी कमी दुःखाची नाही, पण ती वेगळी आहे. तिसरी गोष्ट जर्मनी, ऑस्ट्रिया, चेकोस्लोव्हाकियातून नाझींमुळे निघालेल्या ज्यूंची. या लेखात तीच आहे.

हे लोक किती होते? फार नाही, युद्धाआधी भारतात आलेले सगळे मिळून हजाराच्या आसपास. त्याच काळात एकट्या शांघायला पंधरा हजारांहून जास्त ज्यू पोचले, कारण तिथे उतरायला व्हिसा लागत नव्हता. गंमत अशी की शांघायला जाणाऱ्या इटालियन बोटी मुंबईवरूनच जायच्या. म्हणजे बोट आपल्या बंदराला लागायची आणि त्यातले बरेचसे प्रवासी डेकवरूनच मुंबई बघून पुढे जायचे.

भारतात उतरायचं तर ब्रिटिश सरकारला हमी लागायची, की हा माणूस सरकारवर भार होणार नाही. ही हमी मिळवून देण्याचं काम मुंबईची ज्यूइश रिलीफ असोसिएशन करत असे. ती १९३४ मध्ये स्थापन झाली. नोकरीची सोय, थोडी मदत, सरकारदरबारी खेटे, असं सगळं ही मंडळी करत. जर्मनीतून निघताना पैसे नेता येत नव्हते. आठवणींमध्ये 'दहा मार्क' हा आकडा पुन्हा पुन्हा येतो, कारण रोख तेवढीच नेऊ देत. डॉक्टर पुष्कळ होते, आणि इथल्या काही डॉक्टर मंडळींना ते प्रतिस्पर्धी वाटले, तक्रारी झाल्या. काँग्रेसमध्येही एकमत नव्हतं. नेहरू मात्र अशा शिकलेल्या लोकांना येऊ द्यावं या मताचे होते. 'भारताने सर्वांना आश्रय दिला' हे वाक्य आपण भाषणात सहज टाकतो. मला आता ते जरा अडखळतच म्हणावंसं वाटतं. आश्रय दिला हे खरं, पण दार किलकिलंच होतं, आणि किल्ली इंग्रजांकडे होती.

तर कॉफमन. जन्म १९०७, गाव कार्ल्सबाड, आजच्या चेक प्रजासत्ताकात. बर्लिनमध्ये संगीत शिकला. प्रागच्या जर्मन विद्यापीठात त्याचा डॉक्टरेटचा प्रबंध झाला होता, पण ज्याच्या हाताखाली केला तो प्राध्यापक नाझींचा माणूस आहे हे कळल्यावर त्याने पदवीच घेतली नाही. (आपण इथे एका केटीसाठी रडतो.) १९३४ च्या सुरुवातीला तो मुंबईला आला. भारतच का? योगाची ओढ, पूर्वेचं आकर्षण वगैरे काही नाही. व्हिसा लवकर मिळत होता, म्हणून. थोडे दिवस राहायचं म्हणून आला आणि बारा वर्षं राहिला.

त्याने लिहून ठेवलेली एक गोष्ट मला सगळ्यात आवडली. हिंदुस्थानी संगीताच्या रेकॉर्ड पहिल्यांदा ऐकल्या तेव्हा त्याला काहीही कळलं नाही, कानाला ते परकं आणि अवघड वाटलं. पण त्याने असा विचार केला की लाखो लोक हे प्रेमाने ऐकतात, ते करणारी माणसं हृदय आणि बुद्धी असलेलीच आहेत, त्या अर्थी चूक माझ्याच कानात असणार. मग तो शिकत बसला. मुंबईत त्याने चेंबर म्युझिक सोसायटी काढली. मेहली मेहता, म्हणजे झुबिन मेहतांचे वडील, तिथे व्हायोलिन वाजवत. १९३७ ते १९४६ तो मुंबई रेडिओवर पाश्चात्त्य संगीत विभागाचा प्रमुख होता. सिग्नेचर ट्यूनचं श्रेय सर्वसाधारणपणे त्यालाच देतात, आणि ती शिवरंजनी रागावर आहे असं सांगतात. १९४६ मध्ये तो गेला. पुढे कॅनडात ऑर्केस्ट्रा, मग अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात प्राध्यापक. तिथे त्याने उत्तर हिंदुस्थानी रागांवर जाडजूड ग्रंथ लिहिला, तो १९६८ मध्ये आला. १९८४ मध्ये वारला.

दिवाळीच्या सुट्टीत हे आबांना सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "त्याले आपलं गाणं कसं कयलं व?" मी म्हटलं, "आबा, नव्हतंच कळलं. म्हणून तर शिकला."

कॉफमनच्या मागोमाग त्याच्या ओळखीचे आले. विली हास हा प्रागचा लेखक, बर्लिनमध्ये नावाजलेल्या साहित्य साप्ताहिकाचा संपादक. तो १९३९ मध्ये मुंबईत आला आणि मोहन भवनानींच्या सिनेमांसाठी पटकथा लिहायला लागला. पुढे जर्मनीत परतल्यावर त्याने आत्मचरित्र लिहिलं, ते १९५७ मध्ये प्रसिद्ध झालं. त्याच मुंबईत त्याच काळात बॉम्बे टॉकीजचा दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन होता, 'अछूत कन्या'वाला. तो नाझी पक्षाचा सभासद! आणि आता इंग्रजांचं डोकं बघा. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध सुरू झालं, तशी जर्मन पासपोर्टवाल्या माणसांची धरपकड झाली. नाझी असो की नाझींपासून पळालेला ज्यू, दोघेही 'शत्रुराष्ट्राचे नागरिक'. कित्येकांना अहमदनगरच्या छावणीत एकाच तारेच्या कुंपणात ठेवलं. नंतर चौकशी समिती बसली आणि बऱ्याच ज्यूंना सोडलं. काहींना पुढे पुन्हा धरलं. पुरंदरच्या किल्ल्यावर आणि साताऱ्यालाही अशा लोकांना ठेवलं होतं. पुरंदर म्हटलं की आपल्याला तह आठवतो. तिथे व्हिएन्ना-बर्लिनचे लोक बायकामुलांसह दिवस मोजत बसले होते, हे आपल्या इतिहासाच्या पुस्तकात नाही.

हिल्डे होल्गर व्हिएन्नाची नर्तकी. १९३८ मध्ये हिटलरने ऑस्ट्रिया गिळला आणि ज्यूंना स्टेजवर बंदी झाली. १९३९ मध्ये ती एकटी मुंबईला आली. बोमन-बेहराम नावाच्या पारशी डॉक्टरांशी लग्न केलं, १९४१ मध्ये मुंबईत नृत्याची शाळा काढली, आणि तीत सर्व जातिधर्मांच्या मुली घेतल्या. १९४८ मध्ये लंडनला गेली. तिथे मतिमंद मुलांना, विशेषतः डाउन सिंड्रोम असलेल्यांना, नृत्य शिकवण्याचं तिचं काम गाजलं. तिच्या स्वतःच्या मुलालाही तो होता. २००१ मध्ये पंचाण्णव वर्षांची होऊन वारली.

हे आजीला सांगत होते तर ती मध्येच म्हणाली, "अन् तिची माय? तिले काहून नाही आणलं तिनं?"

आई, बहीण, कितीतरी नातेवाईक मागे राहिले आणि मारले गेले. आजीला हे सांगायला मला जरा वेळ लागला. प्रश्न मात्र नेमका होता. जवळजवळ प्रत्येक आठवणीत हे मागे राहिलेले लोक असतात. लिहिणारा मुंबईच्या गमतीजमती सांगतो, आंबे, डास, इराणी हॉटेल, आणि मध्येच एक ओळ येते की अमुक महिन्यापासून घरची पत्रं येणं थांबलं. त्यापुढे त्याबद्दल काही नसतं.

चित्रकलेत तर या लोकांनी मुंबईचं चित्रच बदललं. रूडी फॉन लायडन हा जिऑलॉजीतला डॉक्टरेट, १९३३ मध्ये आला आणि वर्तमानपत्रात चित्रसमीक्षा लिहायला लागला. (पुढे त्याने आपल्या गंजिफाच्या पत्त्यांचा अभ्यास करून पुस्तक लिहिलं.) वॉल्टर लँगहॅमर स्वतः ज्यू नव्हता, त्याची बायको ज्यू होती, तो टाइम्समध्ये कलासंचालक झाला. एमान्युएल श्लेसिंगर औषधाच्या धंद्यात होता आणि नवख्या पोरांची चित्रं विकत घ्यायचा. ही पोरं म्हणजे हुसेन, रझा, आरा, सूझा. त्यांच्या प्रोग्रेसिव्ह ग्रुपमध्ये ह. अं. गाडे होते, आपल्याच अमरावती जिल्ह्यातल्या तळेगाव दशासरचे, आणि शिक्षणाने सायन्स ग्रॅज्युएट. हे वाचून मला उगाचच बरं वाटलं.

विदर्भाचा आणखी एक धागा वर्ध्याला आहे. मार्गारेटे श्पीगेल ही जर्मन ज्यू शिक्षिका १९३३ मध्ये गांधीजींकडे आली. त्यांनी तिचं नाव अमला ठेवलं, आणि ती काही काळ वर्ध्याला राहिली. गांधीजींची तिला लिहिलेली पत्रं छापलेली आहेत. त्यात ते तिला प्रेमाने लिहितात आणि सणसणीत रागावतातही. पुढे नोव्हेंबर १९३८ मध्ये जर्मनीत एका रात्रीत ज्यूंची प्रार्थनामंदिरं जाळली, दुकानं फोडली. त्यानंतर पंधरवड्यात गांधीजींनी सेगावहून, म्हणजे आजच्या सेवाग्रामहून, 'हरिजन'साठी लेख लिहिला. ज्यूंनी जर्मनी न सोडता अहिंसक सत्याग्रह करावा, मरण आलं तरी. मार्टिन बूबर हा तत्त्वज्ञ स्वतः त्याच वर्षी जर्मनी सोडून जेरुसलेमला गेला होता. त्याने १९३९ मध्ये गांधीजींना लांबलचक उत्तर लिहिलं. आदर पूर्ण, पण मुद्दा असा की तुमच्या सत्याग्रहाला साक्षीदार असतात. छळछावणीत मरणाऱ्याचं मरण कोणाला दिसणार? गांधीजींबद्दल पूर्ण आदर ठेवून सांगते, मला बूबरचं पटलं. होस्टेलमध्ये यावरून रात्री दोनपर्यंत वाद झाला आणि रेक्टर मॅडमनी दिवे बंद करायला लावले. सकाळी नाश्त्याला त्यांनीच विचारलं की शेवटी ठरलं काय.

आता इंजिनिअरिंगवाल्यांसाठी. मॅक्स बॉर्न, क्वांटम मेकॅनिक्सवाला. १९३३ मध्ये ग्योटिंगेनमधून ज्यू म्हणून त्याला बाजूला केलं. सी. व्ही. रामन यांनी त्याला बंगलोरला बोलावलं, आणि १९३५-३६ चा हिवाळा तो तिथे बायकोसह राहिला. त्याला कायम ठेवावं अशी रामन यांची इच्छा होती. बॉर्नच्या आत्मचरित्रात त्या बैठकीचा प्रसंग आहे. एक इंग्रज प्राध्यापक, तोही इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंगचा, उठला आणि त्याच्या समोरच म्हणाला की स्वतःच्या देशातून हाकललेला दुय्यम दर्जाचा परदेशी आम्हाला नको. बॉर्न घरी जाऊन बायकोजवळ रडला. हे त्याने स्वतः लिहिलंय. हा 'दुय्यम' माणूस मग एडिनबरोला गेला आणि १९५४ मध्ये त्याला नोबेल मिळालं.

या आठवणी वाचताना एक लक्षात ठेवायला हवं. त्या बहुतेक वीस-तीस वर्षांनी लिहिलेल्या आहेत. तारखा चुकतात, आणि माणूस आपली बाजू थोडी उजळ करतोच. शिवाय लिहिलं कोणी? प्राध्यापक, संगीतकार, लेखक. जो मेकॅनिक म्हणून कुठल्या वर्कशॉपमध्ये लागला, जी बाई कोणाच्या घरी मुलं सांभाळायला राहिली, त्यांनी फारसं लिहिलं नाही. अनिता देसाईंची आई जर्मन; त्यांनी 'बाउमगार्टनर्स बॉम्बे' या १९८८ च्या इंग्रजी कादंबरीत असा एक न लिहिणारा माणूस उभा केलाय. कादंबरी आहे, पण सगळं वाचून झाल्यावर वाचा. अभ्यासाचं पुस्तक हवं असेल तर अनिल भट्टी आणि योहानेस फॉइग्ट यांनी संपादित केलेलं १९९९ चं इंग्रजी पुस्तक आहे, भारतातल्या ज्यू निर्वासितांवरच.

आणि ज्यांना एवढं वाचायला वेळ नाही, त्यांनी लायब्ररीच्या रेफरन्स सेक्शनमध्ये एक चक्कर मारा. ऑप्टिक्सचं ते जाड पुस्तक सगळ्यांना माहीत आहे, 'बॉर्न अँड वुल्फ'. बॉर्नचं मूळ जर्मन पुस्तक १९३३ मध्ये निघालं, त्याला काढलं त्याच वर्षी. इंग्रजी पुस्तक १९५९ चं. त्यातला वुल्फ, एमिल वुल्फ, हाही प्रागचा ज्यू. जर्मन शिरल्यावर फ्रान्समार्गे पळून १९४० मध्ये इंग्लंडला पोचला, तेव्हा सतरा-अठरा वर्षांचा होता.