शर्यत संपल्यावरचे रारामुरी

लोरेना रामिरेस २०१७ मध्ये मेक्सिकोतल्या पुएब्ला राज्यात पन्नास किलोमीटरची डोंगरी शर्यत जिंकली, तेव्हा तिच्या अंगात घेरदार घागरा होता आणि पायांत टायरच्या तळव्यांच्या चपला. तो फोटो जगभर फिरला. पण फोटोत न दिसणारं आयुष्य दाखवायचं तर वेगळाच संयम लागतो.

लोरेना रारामुरी आहे. चिवावा राज्यातल्या सिएरा ताराउमारा डोंगरांत या लोकांची घरं विखुरलेली आहेत, मध्ये खोल दऱ्या. इथे पायी अंतर कापणं हा आधी रोजचा व्यवहार, मग खेळ. दिवस जातो तो मका पेरण्यात, शेळ्या वळण्यात, पाट्यावर मका वाटण्यात. भाजक्या मक्याचं पीठ पाण्यात कालवून प्यायलं की पुढच्या वाटेची सोय झाली.

असं जगणं टिपायला निरीक्षणात्मक माहितीपटाची रीत सोयीची. १९६० च्या सुमारास खांद्यावर पेलणारे कॅमेरे आणि चित्रासोबतच आवाज टिपणारी हलकी यंत्रं आली, तेव्हा ही रीत रुजली. निवेदकाने अर्थ सांगत बसायचं नाही. माणसं काम करत असतात, आपण बघत राहायचं.

हुआन कार्लोस रुल्फो यांनी २०१९ मध्ये नेटफ्लिक्ससाठी लोरेनावर अर्ध्या तासाहूनही छोटा माहितीपट केला. तो या रीतीला पूर्णपणे धरून नाही. त्यात घरची माणसं बोलतात. लोरेना स्वतः मोजकंच बोलते, आणि रुल्फो तिला बोलतं करायची घाई करत नाहीत. धुक्यातून शेळ्यांमागे चालणारी लोरेना ते निवांत बघू देतात. भेट मिळालेले नवे बूट ती हातात घेऊन पाहते आणि सांगते, हे वापरेन असं वाटत नाही. असे बूट घालणारे कायम माझ्या मागेच असतात. हा प्रसंग फार बोलका आहे. तरीही माहितीपट शर्यतीभोवती जरा जास्तच घुटमळतो, एवढी तक्रार राहतेच.

फ्रान्सच्या रेमोंद कारास्को यांनी याच डोंगरांत कितीतरी वेळा जाऊन चित्रण केलं. १९७० च्या दशकाच्या अखेरीस सुरू झालेलं हे काम पती रेजिस एब्रो यांच्या साथीने वीसहून अधिक वर्षं चाललं. धावणारी पावलं, ईस्टरच्या दिवसांतले अंग रंगवलेले पुरुष, विधींमधले नाच, हे सारं त्यांनी टिपलं. त्यांच्या काही चित्रपटांत आंतोनँ आर्तो या फ्रेंच लेखकाचे शब्द ऐकू येतात. तो १९३६ मध्ये इथे येऊन गेला होता. त्यामुळे त्यांच्याकडेही निखळ निरीक्षण नाही. पण त्याच माणसांकडे वर्षानुवर्षं परत जाण्याला तोड नाही. रारामुरींवर माहितीपट करू पाहणाऱ्याने कारास्कोंचं काम आधी पाहावं आणि शर्यतीची तारीख बघून नव्हे, मक्याच्या पेरणीला तिथे जावं.