४० बाय २० मधला दिवस

पहाटे ५.००
वर्ध्यात अजून उजाडलेलं नसतं. मैदानावर मी आणि वरच्या गटातली दोन पोरं. आधी आखणी. हँडबॉलचं मैदान ४० मीटर लांब, २० मीटर रुंद. गोल ३ मीटर रुंद आणि २ मीटर उंच. सरळ रेषा कुणीही मारतो, कस लागतो तो गोलसमोरच्या 'डी'ला. गोलच्या खांबाशी खुंटी ठोकायची, ६ मीटरची सुतळी ताणून धरायची आणि पाव वर्तुळ फिरवायचं. दुसऱ्या खांबाशी तसंच. मधे ३ मीटरची सरळ रेषा जोडली की डी तयार. त्याबाहेर ९ मीटरची तुटक रेषा. ही आखणी प्रत्येक खेळाडूला यायलाच हवी, असा माझा आग्रह असतो. फक्की हातात घेतलेल्या पोराला रेषेची किंमत कळते. खेळताना त्याचा पाय डीत पडत नाही.

आपली माती काळी, कपाशीची. रात्री पाऊस झाला असेल तर ती बुटांना धरते, चेंडू उसळत नाही आणि घोटा अडकतो. अशा दिवशी सिमेंटच्या अंगणात फक्त पासिंग. सिमेंटवर उडी नाही, हा नियम मी कुणासाठीही मोडत नाही.

६.००
मोठ्या मुलांचा सराव. चेंडू हातात आला की जास्तीत जास्त तीन पावलं आणि तीन सेकंद. उजव्या हाताचा खेळाडू डावा-उजवा-डावा टाकून डाव्या पायावर उडतो आणि हवेत असतानाच फेक करतो. बघणाऱ्याचं लक्ष फेकीवर असतं, माझं उतरण्यावर. गुडघा वाकलेला आणि पायाच्या बोटांच्या रेषेत हवा. तो आत वळला की लिगामेंटवर ताण येतो आणि तिथेच करिअर संपू शकतं. नॉर्वेत हँडबॉल खेळणाऱ्या १,८३७ मुलामुलींवर झालेला अभ्यास २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. तोल, उतरणं आणि ताकद यांचा नेमका वॉर्मअप नियमित केला, तर गुडघ्याच्या आणि घोट्याच्या दुखापती निम्म्यावर येतात, असं त्यात दिसलं. त्याला यंत्र लागत नाही, पैसा लागत नाही. म्हणून आमची पहिली २० मिनिटं त्यासाठी राखून ठेवलेली असतात.

७.३०
गोलकीपर. वरिष्ठ पुरुषांच्या सामन्यात चेंडू ताशी १०० किलोमीटरहून अधिक वेगाने येतो. त्या वेगाने ७ मीटरवरून आलेल्या फेकीला गोलकीपरकडे जेमतेम पाव सेकंद असतो. चेंडू बघून हलला तर उशीर झालाच. फेकणाऱ्याचा खांदा आणि कोपर वाचावं लागतं. म्हणून गोलकीपरला मी सुरुवातीला चेंडूशिवाय उभं करतो. समोरचा फक्त हात फिरवतो आणि याने दिशा सांगायची.

८.३०
पोरांना भिजवलेले चणे आणि गूळ. शाळेची वेळ गाठायची म्हणून सगळे सायकली दामटतात. कुणी पवनारकडे, कुणी सेवाग्रामकडे. मी टपरीवर तर्री-पोहे खाऊन शाळेत.

१०.३०
मी क्रीडा शिक्षक. तास संपले की कागद. शालेय स्पर्धा १४, १७ आणि १९ वर्षांखालच्या गटांत होतात; तालुका, जिल्हा, मग नागपूर विभाग, मग राज्य. प्रत्येक मुलाचा जन्मदाखला, आधार, फोटो आणि मुख्याध्यापकांची सही लागते. एका अक्षराच्या फरकाने नाव अडकतं. प्रमाणपत्रही जपून ठेवायला शिकवावं लागतं, कारण राज्य शासनाच्या नोकऱ्यांत पात्र खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे. शेतमजुराच्या घरी तो एक कागद पुढच्या पिढीचं आयुष्य बदलू शकतो.

दुपारी १.३०
डबा खाताना जुन्या दिवसांचा विचार येतो. मी याच जिल्ह्यातून विद्यापीठाच्या संघात गेलो, मग राज्याच्या, मग खेळावर नोकरी मिळून खात्याच्या संघात. माझ्या काळात हँडबॉलचा व्यावसायिक खेळाडू म्हणजे हाच: सकाळी सराव, बाकी वेळ खात्याची चाकरी. आपल्या देशातला हा खेळ तसा तरुण आहे. राष्ट्रीय महासंघ १९७२ चा. आशियाई स्पर्धेत हँडबॉल पहिल्यांदा आला तो १९८२ मध्ये, दिल्लीत. प्रीमियर हँडबॉल लीगसाठी २०२३ ची वाट पाहावी लागली. जयपूरला सहा संघ उतरले आणि पहिलं विजेतेपद महाराष्ट्र आयर्नमेनने घेतलं. माझ्या पोरांनी तो अंतिम सामना मोबाइलभोवती गोळा होऊन पाहिला.

खेळाडू असताना मी माझे गोल मोजत होतो. आता मोजतो ते एवढंच, की गेल्या वर्षीची किती मुलं यंदाही मैदानावर आहेत.

४.३०
मुलींचा सराव. हातात योग्य चेंडू देणं हे पहिलं काम. सर्वांत लहान चेंडूचा घेर ५० ते ५२ सेंटिमीटर, मोठ्या मुलींच्या चेंडूचा ५४ ते ५६, पुरुषांच्या चेंडूचा ५८ ते ६०. शाळेत पुष्कळदा एकच मोठा चेंडू असतो आणि बारा वर्षांच्या मुलीला तो एका हातात धरताच येत नाही. मग "हिला जमत नाही" असा शिक्का बसतो. चेंडू बदला, मुलगी बदललेली दिसेल.

५.३०
सात विरुद्ध सात. डिफेन्स ६-०, नंतर ५-१. पिव्हटला त्या भिंतीत जागा काढायची असते, विंगला कोपऱ्यातून उडी घ्यायची असते. वेळकाढूपणा दिसला की मी पंचांसारखा हात वर करतो. त्यानंतर चार पासांत गोलवर फेक झालीच पाहिजे. टाइमआउट एकच मिनिटाचा, म्हणून मी एकच गोष्ट सांगतो. तीन सांगितल्या तर एकही लक्षात राहत नाही.

साडेसहाला थांबायचंच. गावाकडची एसटी चुकली, तर ती मुलगी उद्या येणार नाही.

७.१५
आठवडाभर न आलेल्या एका मुलीच्या घरी. तिची आई चहा ठेवते आणि म्हणते, "सर, दहावी हाये न पोरीची. यंदा राहू द्या तिले."

"ताई, सकाळचं नको. संध्याकाळी एक तास पाठवा. सराव संपला की एसटीत मी स्वतः बसवून देतो."

वडील विचारतात, "खेळून भेटते काय?" मी नोकऱ्यांतल्या आरक्षणाचं सांगतो. २०२२ मध्ये अल्माटीला भारताच्या ज्युनिअर मुलींनी आशियाई विजेतेपद पटकावलं, तेही सांगतो. शेवटी सांगतो की अभ्यासाचं वेळापत्रक आपण मिळून बसवू. आई म्हणते, "एक तासच हं, सर."

रात्री ९.३०
वही. कोण आलं, कोणाचा गुडघा दुखतो, कोणाच्या बुटाचा तळ निघाला, उद्या काय घ्यायचं. चेंडूंत हवा भरून ठेवायची.

वर्धा जिल्ह्यातल्या आईवडिलांना माझी कळकळीची विनंती आहे. सतरा वर्षांखालचा गट आणि दहावी एकाच वेळी येतात, आणि आपली सगळ्यात चांगली मुलं आपण तिथेच गमावतो. सराव कमी करा, वेळ बदला, पुस्तकं मैदानावर पाठवा. पण त्या वर्षी मैदान पूर्ण बंद करू नका. रोज एक तास द्या.