आधी कॅमेरा, मग तुकाराम

दामले-फत्तेलाल हे नाव मराठी सिनेरसिक एका दमात उच्चारतो, जणू एकाच माणसाचं नाव आणि आडनाव. व्ही. शांताराम यांच्याबद्दल भरपूर लिहिलं गेलं, त्यांनी स्वतःही लिहिलं. या जोडीची ओळख मात्र ‘संत तुकाराम’चे दिग्दर्शक एवढ्यावरच थांबते. प्रभात स्टुडिओत एकाला दामलेमामा म्हणत, दुसऱ्याला साहेबमामा. साहेबमामा म्हणजे शेख फत्तेलाल, कलाविभागाचे प्रमुख. दामलेमामांकडे ध्वनी आणि यंत्रं होती. दिग्दर्शन हे दोघांचंही जोडकाम, आणि तेही उशिरा हाती आलेलं. मला वाटतं, त्यांच्या सिनेमाची सगळी खुबी या उशिरात आहे. विष्णुपंत दामल्यांच्या वाटेने गेलं तर ती नीट दिसते.

दामल्यांचा जन्म 1892 चा, पेणचा. कोल्हापुरात ते आनंदराव आणि बाबूराव पेंटर या भावांच्या हाताखाली आले. हे दोघे नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवण्यात नावाजलेले. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि भावांना सिनेमाने झपाटलं. कॅमेरा विकत घेण्याइतका पैसा नव्हता, तेव्हा तो बनवायचा असं ठरलं. काम अर्ध्यावर असताना 1916 मध्ये आनंदराव गेले. पुढे बाबूरावांनी दामल्यांना हाताशी धरून कॅमेरा चालता केला. फिल्म एकेका चौकटीने पुढे सरकली पाहिजे, चित्र उमटेपर्यंत क्षणभर जागच्या जागी थांबली पाहिजे, आणि हे सेकंदाला कित्येक वेळा, न अडखळता व्हायला हवं. लोहारकाम, सुतारकाम आणि गणित एकत्र आल्याशिवाय हे जमत नाही. कोल्हापूरच्या कारागिरांच्या गावात ते जमलं. दामल्यांची सिनेमाशी ओळख झाली ती अशी, यंत्राच्या आतून. गोष्ट सांगायची वेळ पुष्कळ पुढे येणार होती.

त्या कॅमेऱ्यावर महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ 1920 मध्ये पडद्यावर आला. बाबूराव पेंटर हे गुरू म्हणून मोठेच, पण एककल्ली. त्यांच्या कंपनीत पडदा रंगवणारा दिवे लावी, दिवे लावणारा वेळ पडली तर तोंडाला रंग फासून उभा राही. दामले आणि फत्तेलाल यांनी 1928 मध्ये ‘महारथी कर्ण’ तिथेच दिग्दर्शित केला. दुसऱ्या वर्षी, 1 जून 1929 ला, शांताराम, दामले, फत्तेलाल, छायालेखक केशवराव धायबर आणि भांडवल घालणारे सीताराम कुलकर्णी यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली. चौघं कसबी गुरूला सोडून निघाले, त्याचं दुःख बाबूरावांना झालं असणारच. पण कसब शिकलेली माणसं कुठल्याच धन्याकडे फार दिवस राहत नाहीत.

प्रभातमध्ये दिग्दर्शनाची धुरा शांतारामांकडे गेली, आणि ते योग्यच होतं. त्यांच्याइतकी धडाडी इतरांत नव्हती. दामल्यांची परीक्षा 1932 मध्ये आली. प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ काढायला घेतला, मराठीतला पहिला बोलपट. प्लेबॅक नव्हता. गोविंदराव टेंबे आणि दुर्गाबाई खोटे यांनी गायचं ते कॅमेऱ्यासमोर, त्याच क्षणी. वादक चौकटीबाहेर बसवायचे, मायक्रोफोन लपवायचा, खुद्द कॅमेऱ्याची घरघर आवाजात शिरू द्यायची नाही. नटाने मान जरा जास्त वळवली की शब्द हवेत विरले. हे शास्त्र शिकवणारी शाळा देशात कुठे नव्हती, यंत्र समोर ठेवून स्वतःच शिकायचं. ज्या माणसाने कॅमेरा आतून पाहिला होता त्याने आता आवाजाचं यंत्र आतून पाहिलं. कंपनी 1933 मध्ये पुण्याला आली आणि ध्वनिविभाग तिथे मुरला. ‘कुंकू’मध्ये शांतारामांनी पार्श्वसंगीत जवळजवळ वगळलं, घरातल्या आवाजांवरच चित्रपट पेलला. ते धाडस शांतारामांचं खरं, पण त्यामागे हा विभाग खंबीर उभा होता, हे सांगायचं राहून जातं.

आता ‘संत तुकाराम’. साल 1936. प्रभात तेव्हा बरेचसे बोलपट हिंदी-मराठी असे जोडीने काढी. हा मात्र फक्त मराठीत केला. पटकथा शिवराम वाशीकरांची, संगीत केशवराव भोळ्यांचं. नव्या पदांसाठी शांताराम आठवले होते. बीज आणि झाड यांवरचा त्यांचा एक अभंग इतका जमून गेला की लोक तो तुकोबांचाच मानू लागले. दिग्दर्शक एक ब्राह्मण आणि एक मुसलमान. विठ्ठलाच्या भक्ताचा सिनेमा त्यांनी मिळून केला, आणि तेव्हा त्याचं कुणाला फारसं अप्रूप वाटलेलं दिसत नाही.

तुकारामाच्या भूमिकेसाठी विष्णुपंत पागनीस निवडले गेले, रंगभूमीवर स्त्रीभूमिका केलेले गायक नट. कागदावर ही निवड विचित्र दिसते. पडद्यावर काय होतं ते पाहा. पागनीस हलतच नाहीत म्हटलं तरी चालेल. विठ्ठलासमोर बसून गातात, कॅमेरा समोर स्थिर, चेहऱ्यावर ओढूनताणून आणलेला एकही भाव नाही. तेच अभंग भोंदू सालोमालो स्वतःच्या नावावर खपवतो तेव्हा मात्र हातवारे, ताना, मुरक्या यांचा पाऊस. नट भागवतांनी हा सालोमालो इतक्या रंगून केला आहे की खऱ्याखोट्यातला फरक कुणी समजावून सांगायची गरजच उरत नाही. नट स्थिर राहिला तर आवाज शुद्ध येतो, हे ध्वनीच्या माणसाला पाठ असतं. त्या तांत्रिक शहाणपणातून भक्तीची ही शैली निघाली असावी, असा माझा तर्क आहे. पुरावा माझे कान.

पण चित्रपट खरा उभा राहतो तो तुकारामाच्या बायकोमुळे, जिजाईमुळे. गौरीने ही बाई केली आहे. घरात दाणा नाही, पोर आजारी, नवरा भजनात. ती भांडते, शिव्या घालते, म्हशीची उस्तवार करते आणि एकदा तर वहाण उचलून थेट विठोबावर धावून जाते. दुसऱ्या कुठल्याही दिग्दर्शकाने तिला कजाग बायको करून सोडलं असतं. इथे तिचं म्हणणं पटतं, तुकारामाचंही पटतं. शिवाजी महाराजांकडून नजराणा येतो तेव्हा अंगावर दागिने घालून हरखलेली जिजाई पाहताना तिला लोभी म्हणायची छाती होत नाही. शेवटी नवरा विमानात बसून वैकुंठाला जातो आणि ती घरी, पोराबाळांत राहते.

चमत्कार आहेतच. इंद्रायणी बुडवलेल्या अभंगांच्या वह्या परत करते, आकाशातून धान्याचा वर्षाव होतो, तुकोबांना न्यायला गरुड येतो. युक्त्या म्हणून आज त्या भाबड्या वाटतात. पण त्यांच्या आगेमागे शेण, चूल, पाटी, धान्य अशा घरगुती वस्तू इतक्या खऱ्या ठेवल्या आहेत की चमत्कारही त्याच अंगणातला वाटतो. हा सिनेमा मुंबईच्या सेंट्रल टॉकीजला वर्षाहून जास्त चालला. 1937 च्या व्हेनिस महोत्सवातही त्याचा गौरव झाला.

यापुढचं मला काहीसं उतरणीचं वाटतं. ‘गोपाळकृष्ण’ (1938) खेळकर आहे. प्रभातने 1929 मध्ये पहिल्यांदा काढलेल्या मूकपटाचाच हा बोलका अवतार, छोट्या राम मराठ्यांचा कृष्ण गोड. ‘संत ज्ञानेश्वर’ (1940) सफाईत ‘तुकाराम’हून सरस आहे, भिंत चालते, रेडा वेद म्हणतो, आणि ते कसं केलं असेल या विचारात प्रेक्षक गुंततो. तिथेच घात होतो. ज्या कारागिराने आपली करामत कधी दाखवली नाही, त्याला इथे ती दाखवण्याचा मोह पडला. ज्ञानेश्वरांच्या घरात जिजाई नाही, हेही एक कारण. अलौकिकाला जमिनीवर खेचणारं माणूस नसलं की संतपट कॅलेंडरावरच्या चित्राकडे झुकतो. ‘संत सखू’ (1941) पर्यंत हा साचा पुरता घट्ट झाला होता.

1942 मध्ये शांताराम बाहेर पडले आणि मुंबईत त्यांचं राजकमल उभं राहिलं. प्रभातने ‘रामशास्त्री’सारखा बाणेदार चित्रपट त्यानंतरही दिला, पण भागीदारी विसकटली होती. 1945 मध्ये दामले वारले. स्टुडिओ 1953 मध्ये थांबला आणि पुढे त्याच आवारात फिल्म इन्स्टिट्यूट आली.

फत्तेलाल यांनी नंतर एकट्याने ‘जगद्गुरु शंकराचार्य’ (1955) केला. नेपथ्यावर हात बसलेला माणूस होता तो, चौकट सजवायला कधी चुकला नाही. पण ‘तुकाराम’मधली ती कान देऊन ऐकणारी शांतता त्यांच्याकडे पुन्हा आली नाही. जोडनावातला कुठला वाटा कुणाचा, याचा वाद घालणाऱ्यांना एवढा एक धागा पुरेसा आहे.