स्टेटमेंटवरचं विमानतळाचं पार्किंग
कार्डाच्या स्टेटमेंटवर विमानतळाचं नाव दिसेलच असं नाही. अनेकदा पार्किंगच्या ठेकेदार कंपनीचंच नाव येतं. म्हणून अनोळखी नाव दिसताच घाबरू नका. आधी पावती काढा: आत शिरल्याची वेळ, बाहेर पडल्याची वेळ, गाडीचा नंबर. फास्टॅगमधूनही पैसे गेले आणि कार्डावरूनही, असा दुहेरी भुर्दंड इथेच पकडता येतो. रक्कम चुकली असेल तर ठेकेदाराला लेखी कळवा. त्यानं दाद दिली नाही तर बँकेकडे चार्जबॅक मागा.

व्यवहार तुमचा नसेलच, तर कार्ड तत्काळ ब्लॉक करा. रिझर्व्ह बँकेच्या २०१७च्या परिपत्रकानुसार, चूक ना बँकेची ना ग्राहकाची अशा फसवणुकीत ३ कामकाजी दिवसांत कळवल्यास ग्राहकावर बोजा पडत नाही. तक्रार क्रमांक जपा. बँकेनं ३० दिवसांत उत्तर दिलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क तक्रार करता येते.