रत्नागिरी स्टेशन शहराबाहेर का आहे? आणि कोकणात गाड्या वाढवणं इतकं अवघड का?

गणपतीच्या तारखांचं बुकिंग ६० दिवस आधी उघडतं आणि काही मिनिटांत वेटिंग लिस्ट लागते. चाकरमान्यांना हे नवीन नाही. दरवर्षी मागणी होते, ‘कोकणात गाड्या वाढवा’. जादा गाड्या सुटतातही, पण त्या वाटेत थांबत थांबत रत्नागिरीला पोहोचतात. असं का होतं, हे समजून घ्यायचं तर रत्नागिरी स्टेशन आणि त्याच्या दोन्ही बाजूंचा मार्ग बघावा लागतो.

रेल्वे इतकी उशिरा का आली?

देशातली पहिली प्रवासी रेल्वे १८५३ साली बोरीबंदर ते ठाणे धावली. तिथून काही तासांवर असलेल्या रत्नागिरीला मात्र विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत वाट बघावी लागली. तोवर मुंबईला जायचं तर आधी बोट होती, नंतर एसटी.

कोकणात रेल्वे व्हावी म्हणून अ. ब. वालावलकर यांनी आयुष्य वेचलं. राजापूरचे खासदार बॅरिस्टर नाथ पै आणि त्यांच्यानंतर मधु दंडवते यांनी संसदेत हा प्रश्न लावून धरला. तरी १९८६ पर्यंत रूळ रोह्यापर्यंतच आले होते.

१९८९ मध्ये व्ही. पी. सिंग यांचं सरकार आलं. जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री झाले आणि दंडवते अर्थमंत्री. १९९० मध्ये कोकण रेल्वे महामंडळ स्थापन झालं. केंद्रासोबत महाराष्ट्र, गोवा, कर्नाटक आणि केरळ यांनी त्यात भांडवल घातलं आणि उरलेला पैसा मुख्यतः कर्जरोख्यांतून उभा केला. महामंडळाची धुरा ई. श्रीधरन यांच्याकडे आली. पुढे दिल्ली मेट्रो उभी करणारे ते हेच.

रोहा ते मंगळुरूजवळचं ठोकूर असा सुमारे ७४० किलोमीटरचा मार्ग २६ जानेवारी १९९८ पासून पूर्ण सुरू झाला. त्यावर ९० हून अधिक बोगदे आणि सुमारे २ हजार लहानमोठे पूल आहेत.

स्टेशन शहरापासून लांब का?

रत्नागिरी शहर समुद्राला लागून आहे. पण किनाऱ्यालगत रूळ टाकायचे तर प्रत्येक खाडीच्या रुंद मुखावर पूल बांधावा लागला असता. सह्याद्रीच्या फार जवळ जावं, तर डोंगर आणखी उंच. म्हणून मार्ग दोन्हींच्या मधून नेला. त्यामुळे रत्नागिरीचं स्टेशन शहरापासून साधारण सहा-सात किलोमीटरवर, कोल्हापूर रस्त्यालगत कुवारबावजवळ आलं. गाडीतून उतरल्यावर रिक्षा किंवा एसटी धरावी लागते, ती यामुळेच.

स्टेशनच्या दोन्ही बाजूंना भूगोलाची परीक्षा आहे. उत्तरेला उक्षी आणि भोकेच्या दरम्यान साडेसहा किलोमीटरचा करबुडे बोगदा आहे. अनेक वर्षं तो देशातला सर्वांत लांब रेल्वे बोगदा होता. दक्षिणेला निवसरच्या वाटेवर पानवल नदीवरचा पूल सुमारे ६४ मीटर उंच आहे, म्हणजे साधारण वीस मजली इमारतीएवढा.

या स्टेशनात काय काय चालतं?

कोकण रेल्वेचे दोन विभाग आहेत, रत्नागिरी आणि कारवार. त्यामुळे रत्नागिरी हे फक्त चढण्या-उतरण्याचं ठिकाण नाही. उत्तरेकडच्या मार्गाचा कारभार इथून चालतो. अपघात झाला तर धावून जाणारी वैद्यकीय मदत गाडीही इथे तैनात असते.

कोकणकन्या, मांडवी, जनशताब्दी, तेजस, २०२३ मध्ये सुरू झालेली मुंबई-मडगाव वंदे भारत अशा गाड्या इथे थांबतात. दादर-सावंतवाडी तुतारी एक्सप्रेसचं नाव केशवसुतांच्या कवितेवरून आहे आणि त्यांचं जन्मगाव मालगुंड याच जिल्ह्यातलं. २०२२ मध्ये संपूर्ण मार्गाचं विद्युतीकरण पूर्ण झालं.

पावसाळ्यात गाड्या हळू का?

२२ जून २००३ रोजी वैभववाडीजवळ रुळांवर दरड आली आणि गाडीला मोठा अपघात झाला. ५० च्या आसपास प्रवासी दगावले. वर्षभरातच, १६ जून २००४ रोजी, महाडजवळ आंबवली इथे मत्स्यगंधा एक्सप्रेस रुळांवर आलेल्या दगडांमुळे घसरली.

त्यानंतर पावसाळ्यातली काळजी कडक झाली. या दिवसांत वेगळं वेळापत्रक लागतं आणि गाड्यांचा वेग कमी ठेवतात. मुसळधार पावसात लोको पायलटना ताशी ४० किलोमीटरच्या वर न जाण्याची सूचना असते. धोक्याच्या जागी रात्रंदिवस गस्त असते. गाडी उशिरा येते, ती अनेकदा या खबरदारीमुळे.

मग गाड्या का वाढत नाहीत?

मुख्य कारण म्हणजे एकेरी मार्ग. समोरून गाडी येत असेल तर एकीला स्टेशनात बाजूच्या रुळावर थांबावं लागतं. एक गाडी रखडली की मागच्या-पुढच्या सगळ्यांचं वेळापत्रक कोलमडतं. रोहा ते वीर हा सुमारे ४६ किलोमीटरचा टप्पा २०२१ मध्ये दुहेरी झाला. पुढे मात्र प्रत्येक बोगद्याशेजारी दुसरा बोगदा आणि पुलाशेजारी दुसरा पूल लागेल.

याची झळ जास्त बसते ती कमी तिकिटात जाणाऱ्यांना. कोरोनाआधी दादरपर्यंत धावणारी रत्नागिरी पॅसेंजर त्यानंतर दिव्यापुरती राहिली. सामान आणि पोरं घेऊन दिव्याला लोकल बदलणं सोपं नाही, म्हणून ती पुन्हा दादरला न्यावी ही मागणी जुनी आहे. पण मुंबईच्या हद्दीत तिला जागा देणं मध्य रेल्वेच्या हातात आहे.

दुहेरीकरणाचा खर्च कर्ज फेडत आलेल्या महामंडळाला एकट्याने झेपणारा नाही. त्यामुळेच कोकण रेल्वे भारतीय रेल्वेत विलीन करावी असा विचार पुढे आला आणि ‘कोकण रेल्वे’ हे नाव कायम ठेवण्याच्या अटीवर २०२५ मध्ये महाराष्ट्राने त्याला संमती दिली. विलीनीकरणातून दुसऱ्या रुळासाठी पैसा आला, तरच जादा गाड्यांना वाटेत थांबत यावं लागणार नाही.