बंदरपट्टी आणि जंगलपट्टी

चर्चगेटपासून सुमारे 124 किलोमीटरवर डहाणू रोड हे स्थानक आहे. 2013 सालच्या एप्रिलात उपनगरी गाड्या येथवर येऊ लागल्या, आणि तेव्हापासून मुंबईकर मंडळी डहाणूस आपलेच एक उपनगर समजू लागली. तसे समजण्यास आमची हरकत नाही. परंतु ज्या मुलुखात आपण राहतो त्याची ओळख आपल्या विद्यार्थ्यांस गाडीच्या वेळापत्रकापलीकडे असावी, या हेतूने हे चार शब्द लिहीत आहोत.

डहाणू स्थानकाच्या पुलावर उभे राहिले असता या मुलुखाचे दोन भाग सहज ध्यानी येतात. रुळांच्या पश्चिमेस बंदरपट्टी, पूर्वेस जंगलपट्टी. पश्चिमेकडे चिंचणी, डहाणू, घोलवड, बोर्डी ही समुद्रकाठची गावे, मांगेल्यांचे मचवे आणि चिकूच्या वाड्या. चिकूचे झाड मूळचे मध्य अमेरिकेचे. पण येथील मातीस ते असे मानवले की 2016 साली घोलवडच्या चिकूस भौगोलिक मानांकन मिळाले. पूर्वेकडे सागाचे व मोहाचे डोंगर, खाचरांतून भात, उतारावर नागली व वरई. जव्हारकडून येणारी सूर्या नदी याच भागातून वाहत पुढे वैतरणेस मिळते. वारली, कोकणा, धोडी, दुबळा, काथोडी हे येथील मूळचे लोक. तलासरी तालुक्यात दर 10 माणसांत 9 आदिवासी आहेत.

राज्ये अनेक झाली. किनारा पोर्तुगीजांकडे होता. 1739 साली चिमाजी आप्पांच्या वसईच्या मोहिमेत डहाणूचा किल्ला मराठ्यांनी घेतला. पेशवाईच्या अखेरीस तो इंग्रजांकडे गेला. त्याहीपूर्वी, संजाण पडल्यावर पारशी दस्तुरांनी आपला पवित्र अग्नी बहारोटच्या गुहांत बारा वर्षे लपवून राखला, अशी त्या समाजाची परंपरा सांगते. ते संजाण आज गुजरातेत आहे. तलासरी हा तालुका तरी सीमारेषेनेच जन्मास घातला. पूर्वी ही गावे उंबरगाव तालुक्यात होती. 1960 साली मुंबई राज्याचे विभाजन झाले, उंबरगावचा बराचसा भाग गुजरातेस गेला, आणि उरलेल्या गावांचा पुढे तलासरी तालुका झाला. 1 ऑगस्ट 2014 पासून दोन्ही तालुके नव्या पालघर जिल्ह्यात आहेत.

राजांच्या या फेऱ्यांपेक्षा रुळांनी जंगलपट्टीत अधिक उलथापालथ केली, असे आमचे मत आहे. 1864 साली सुरतेकडून आलेली लोहमार्गाची वाट मुंबईस पोचली. लाकूड व गवत यांस शहराची बाजारपेठ मिळाली, व्यापारी आणि सावकार आत शिरले, आणि कर्जापायी वारल्यांच्या जमिनी त्यांच्या हातून गेल्या. जो काल शेताचा धनी होता तो आज त्याच शेतावर कूळ झाला. मालकाकडे फुकट राबावे लागे, ती वेठ. लग्नासाठी कर्ज काढणारा बायकोसह सावकाराच्या घरी बांधला जाई, तो लग्नगडी. आमच्या वाचकांपैकी काहींच्या पणजोबांनी हे भोगले आहे. ही फार जुनी गोष्ट नव्हे.

1945 सालच्या मे महिन्यात झरी या गावी हजारो वारली एकत्र जमले आणि यापुढे वेठ करणार नाही, असे त्यांनी ठरविले. गोदावरी परुळेकर व शामराव परुळेकर हे त्यांच्या सोबत होते. त्याच वर्षी गवतकापणीच्या मजुरीसाठी संप झाला. 10 ऑक्टोबर रोजी तलवाडा येथे जमलेल्या वारल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला, त्यात पाच जण मरण पावले. तरीही वेठ व लग्नगडी या चाली मोडल्या त्या मोडल्याच. गोदावरीबाईंनी ही हकीकत ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात लिहिली आहे. वरच्या वर्गांतील विद्यार्थ्यांनी ते अवश्य वाचावे.

योगायोग असा की, 1945 सालीच ताराबाई मोडक यांनी बोर्डी येथे ग्रामीण बालशिक्षणाचे काम आरंभिले. अनुताई वाघ त्यांना तेथे येऊन मिळाल्या. 1957 साली हे काम कोसबाडच्या टेकडीवर गेले, म्हणजे बंदरपट्टीतून जंगलपट्टीच्या दाराशी. मुले गुरे राखावयास जातात म्हणून शाळेत येत नाहीत, हे पाहून या बाईंनी शाळाच कुरणात नेली. तिचे नाव कुरणशाळा. अंगणवाडीची कल्पनाही याच कामातून रुजली.

अलीकडच्या दोन गोष्टी सांगितल्याशिवाय हा लेख पुरा होणार नाही. नोव्हेंबर 2018 पासून धुंदलवाडीच्या परिसरात भूकंपाचे लहान लहान धक्के सुरू झाले. मोठा धक्का एक आणि मागाहून लहान, असा नेहमीचा क्रम येथे नव्हता. धक्क्यांची जणू झुंडच आली. येथील काळ्या पाषाणाच्या भेगांत पावसाचे पाणी झिरपून आतील दाब वाढतो, हे त्याचे एक कारण असावे, असे अभ्यासक म्हणतात. कारण काही असो, कित्येक कुटुंबांनी त्या थंडीच्या रात्री तंबूत काढल्या, आणि 1 फेब्रुवारी 2019 रोजी भीतीने घराबाहेर धावताना एक लहानगी मुलगी दगावली.

दुसरी गोष्ट वाढवणची. तेथे समुद्रात भराव घालून 76,200 कोटी रुपये खर्चाचे प्रचंड बंदर उभारावयाचे ठरले असून 30 ऑगस्ट 2024 रोजी त्याची कोनशिला बसली. रोजगार येईल, असे सरकार सांगते. मच्छीमार म्हणतात की, तेथील उथळ खडकाळ तळावरच मासळी वाढते; तो तळ बुजला तर जाळी टाकावयाची कोठे? जंगलपट्टीने जमीन जाताना पाहिली होती. बंदरपट्टी आज समुद्राविषयी तोच प्रश्न विचारीत आहे.